पाव्हण्यांच्या सावळ्याची पगारी लाथ

आमच्या गावात लाथा मारण्याचा पगार घेणारा आजवर एकच माणूस निघाला. बाकीचे सगळे फुकट मारतात.

त्याचं नाव सावळाराम. तो फुटबॉल खेळायचा, आणि हौसेपुरता नव्हे. त्यावर त्याचं घर चालायचं. आधी इंदापूर तालुक्यातल्या एका साखर कारखान्यानं त्याला ठेवला, मग मुंबईच्या एका गिरणीनं नेला, आणि गुडघा गेल्यावर परत कारखान्यानंच सांभाळला. हे सगळं एकोणीसशे एकतीस ते अडतीस या काळातलं. तेव्हा बारामतीच्या बाजारात फुटबॉल म्हटलं तर लोक 'काय शेर दिला?' असं विचारायचे.

मला हे ठाऊक असण्याचं कारण म्हणजे मी गावचा शिंपी आणि गावच्या फुटबॉल संघाचा गोलकीपर. शिंपी झालो तो वडिलांमुळं, गोलकीपर झालो तो अंगलटीमुळं. दोन बांबूंच्या मध्ये माझ्याइतकी जागा दुसरा कोणी अडवत नसे. लोक मला मास्तर म्हणतात, ते शिंप्याला म्हणतात तसं; शाळेशी माझा संबंध तिसरीतच सुटला. गावाचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही. नीरेच्या कालव्याच्या काठी, बारामतीहून न्याहारी करून बैलगाडीनं निघालं तर ऊन तापायच्या आत येतं, एवढं पुरे. मला अजून तिथंच राहायचं आहे.

सावळारामच्या आधी त्याच्या बापाबद्दल सांगितलं पाहिजे. महिपती मूळचा पुरंदरातल्या सोनोरीचा माळी. तिकडं डोंगराखालची खडकाळ जमीन आणि पावसाचा भरवसा नाही. कालव्याचं पाणी आल्यावर सासवडकडची बरीच माळी मंडळी खंडानं जमिनी करायला आमच्या बाजूला उतरली, त्यांत हाही एका गाडीत बायको, नांगर आणि अंजिराच्या चार फांद्या घालून आला. फांद्या वाळल्या, पण महिपती रुजला. ऊस लावला, बांधाच्या कडेनं वांगी-गवार लावली, सावळाराम इथंच जन्मला. वीसएक वर्षं झाली, तरी गावाच्या लेखी तो 'पाव्हणं'च राहिला.

शब्द वाईट नाही. आमच्याकडं अनोळखी माणसाला पाव्हणंच म्हणतात. पण वीस वर्षांनंतरही "काय पाव्हणं, कवा आलासा?" असं कोणी पोरगेल्या मिशीचा गडी विचारायचा, आणि महिपतीचा चेहरा पडायचा. मी आलो तेव्हा तू लंगोटात होतास, असं त्याला म्हणता आलं असतं. पण पाव्हण्यानं तसं बोलायचं नसतं.

त्याचं खरं दुःख असं, की त्याच्याशी कोणी भांडत नसे. आमच्या गावात बांधावरून, पाण्याच्या पाळीवरून, शेळीनं कुणाचा मका खाल्ला यावरून भांडण नाही असं घर नाही. महिपतीच्या शेजाऱ्यानं एकदा त्याचा बांध कोरला. महिपती हौसेनं भांडायला गेला, तर शेजारी म्हणाला, "ऱ्हाऊ द्या पाव्हणं. तुमाशी काय भांडायचं? तुमी आज हाय, उद्या न्हाय." आणि बांध होता तसा करून दिला. जाब द्यायला म्हणून चावडीवर गावातला एकूणएक माणूस कधी ना कधी जाऊन आला होता, मीसुद्धा. महिपतीला कोणी कधी बोलावलं नाही. यात्रेची वर्गणी मात्र सगळ्यांत आधी त्याच्याकडून न्यायचे. मला याचा राग यायचा, आजही येतो. माणूस सरळ, कामाचा, कुणाच्या मयताला न चुकणारा. मरायच्या आधी या गावचं व्हायचं, एवढंच त्याचं मागणं होतं.

आता चेंडू गावात कसा आला ते. आप्पासाहेब म्हणजे आमच्याकडचे मोठे बागाईतदार. कोर्टाच्या तारखेला ते पुण्याला गेले, आणि तारीख पुढं गेली म्हणून खडकीला जाऊन गोऱ्या सोल्जरांचा फुटबॉल पाहून आले. दौंडहून बारामतीला येणाऱ्या छोट्या गाडीत ते चेंडू मांडीवर घेऊन बसले होते. डब्यातल्या बायकांना ते कलिंगड वाटलं. आल्या आल्या त्यांनी संघ काढला. मी लाल मांजरपाटाचे अंगरखे शिवले. रंग कच्चा निघाला, त्यामुळं घाम आला की आमचा संघ मारामारीतून उठून आल्यासारखा दिसे आणि समोरचे जरा दबून असत. आप्पासाहेबांची हयात कुस्त्या लावण्यात गेलेली. आमच्यातल्या कुणी चेंडू सोडून माणसाला धरलं, तर ते बांधावरून "सोडू नगंस त्याला!" म्हणून ओरडत.

आमचं मैदान महिपतीच्या रानाला लागून होतं. एका संध्याकाळी चेंडू बांध ओलांडून त्याच्या उसात गेला. तिथं सावळाराम पाणी देत उभा होता. तेव्हा तो विशीतला बाप्या. उसाला पाणी देताना एक सरी भरली की खोऱ्यानं माती ओढून तिचं तोंड बंद करायचं आणि पुढच्या सरीचं फोडायचं, याला दारं धरणं म्हणतात. सावळाराम खोरं वापरत नसे. त्याला वाकायचा कंटाळा. डाव्या पायाच्या आतल्या अंगानं चिखलाचा गोळा सारून तो एक तोंड बंद करायचा, उजव्या टाचेनं दुसरं फोडायचा, आणि दोन्ही हात कमरेवर ठेवून पुढं जायचा. महिपती त्याला आळशी म्हणायचा आणि ते खरंही होतं.

चेंडू पायाशी आला तसा त्यानं तो त्याच डाव्या पायानं परत दिला. चेंडू बांध, बाभळ आणि आमचे सगळे गडी ओलांडून थेट माझ्या पोटावर आला. मी चेंडूसकट मागं जाऊन बसलो. आमची ओळख झाली ती अशी.

दुसऱ्या दिवशी मीच त्याला आप्पासाहेबांकडं घेऊन गेलो. आप्पासाहेबांनी त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं. पाय पसंत पडले. मग त्यांनी कुस्तीच्या आखाड्यात नव्या पैलवानाला विचारतात तसं विचारलं, "गाव कुठलं?"

"सोनोरी," सावळाराम म्हणाला. "तालुका पुरंदर."

सोनोरी त्यानं आयुष्यात लग्नकार्यापुरती पाहिलेली. पण गाव विचारलं की कुळाचं गाव सांगायचं, हे आपल्याकडं पोराच्या तोंडात बाळघुटीतूनच जातं. जन्म कुठं का होईना, राहणं कुठं का असेना.

"मग सोनोरीकडनं खेळ की," आप्पासाहेब म्हणाले. "हितं गावच्या संघात गावचीच मानसं."

सोनोरीला चेंडू ठेवला तर तो घरंगळत दिवेघाटापर्यंत जाईल, तो थांबेल एवढीही सपाट जागा नाही, हे कुणी लक्षात घेतलं नाही. घरी हे कळल्यावर महिपतीनं कपाळाला हात लावला. "आरं, ते सोयरिकीत सांगायचं आसतं! हितं कशापायी सांगितलंस? मी हितं हाडं झिजवली आन् तू एका शब्दात मला परत गाडीत बसवलंस!"

दोन-तीन वर्षं सावळाराम उसातच राहिला. मग इंदापूर तालुक्यात कारखाना उभा राहिला आणि तो तिकडं उसाच्या गाड्या नेऊ लागला. कारखान्याच्या आवारात गाड्यांची ही लांब रांग लागायची, आणि रांगेशेजारच्या मोकळ्या जागेत कारखान्याचे लोक फुटबॉल खेळायचे, कारण तिथले केमिस्ट घोषबाबू हे कलकत्त्याचे. साखर बनवायला ते पगारापोटी आले होते, त्यांचा जीव चेंडूत. एक दिवस सावळाराम गाडीवर बसून एका खेळाडूला म्हणाला, "आवं, त्या पायानं न्हाय, ह्या पायानं." खेळाडू चिडून म्हणाला, खाली उतर आणि दाखव. सावळाराम उतरला. त्यानं दाखवलं.

घोषबाबू प्रयोगशाळेतून हातात काचेची नळी घेऊन तसेच धावत आले. रस अंगावर सांडला तरी त्यांना कळलं नाही. "नाम क्या है? गाँव कौनसा?"

सावळाराम आता शहाणा झाला होता. म्हणाला, "तुमी म्हनाल ते."

अशी त्याला नोकरी लागली. कागदोपत्री यंत्रांना तेल घालायची, पण त्याच्या हातात तेलाची बुधली कुणी पाहिली असेल तर ती पायाला चोळायची. कामावर म्हणजे मैदानावर. प्रयागबाईला, म्हणजे त्याच्या आईला, हे काही केल्या लोकांना समजावून सांगता येईना. लग्नाची बोलणी करायला आलेल्या एका पाहुण्यानं विचारलं, मुलगा करतो काय? ती म्हणाली, "कारखान्यात हाय. लाथा मारतू." पाहुणा सावधपणे म्हणाला, कुणाला? "ते मला म्हाईत न्हाय," प्रयागबाई म्हणाली, "पर पगार येळंवर येतू." पाहुणा चहा न घेताच उठला. पुढं सोलापूरच्या सामन्यात सावळारामनं गोल केल्याची बातमी पेपरात आली, तेव्हा तोच पाहुणा पेपर घडी करून खिशात घालून परत आला, आणि लग्न झालं.

सोलापूर, पुणे, मिरज अशा ठिकाणी कारखान्याचा संघ खेळला. सावळारामला बूट मिळाले. ते घालून तो रेल्वेत रुबाबात बसायचा, मैदानावर गेला की काढून ठेवायचा. मग मुंबईच्या एका गिरणीच्या माणसानं त्याला पाहिलं आणि घेऊन गेला. मुंबईत फुटबॉल भर पावसाळ्यात खेळतात. ज्या चिखलात तिथले नावाजलेले गडी घसरून आपटायचे, त्यात हा दोन्ही हात कमरेवर ठेवून आपल्या उसात फिरल्यासारखा फिरायचा. दोन मोसम त्यानं गाजवले. त्याला पाहायला माणसं छत्र्या घेऊन उभी राहायची, हे मी तिथं जाऊन आलेल्या माणसाकडून ऐकलं आहे, आणि तो माणूस सहसा खोटं बोलत नाही. दर महिन्याला तो घरी पगार पाठवायचा आणि महिपती तो बाजारच्या दिवशी चारचौघांत काढून मोजायचा. लोक म्हणायचे, "पाव्हण्यांच्या सावळ्यानं नाव काढलं." महिपती पैसे परत कनवटीला लावायचा. पोरगं मुंबईत गाजलं तरी गावात अजून पाव्हण्याचंच होतं.

तिसऱ्या मोसमात त्याच्या उजव्या गुडघ्यावर एक पंजाबी गडी येऊन पडला. गुडघा बांधला, शेकला, हाडवैद्याकडं नेला, पण पहिल्यासारखा झाला नाही. गिरणीला दोन गुडघ्यांचा माणूस हवा होता. सावळाराम बूट गळ्यात अडकवून परत आला, आणि लंगडत घोषबाबूंकडं गेला. घोषबाबूंनी गुडघा दाबून पाहिला आणि म्हणाले, "दूसरा तो ठीक है ना? बस." त्यांनी त्याला होता त्या पगारावर ठेवून घेतला, नव्या पोरांना शिकव म्हणाले. हे लक्षात ठेवण्यासारखं आहे. लंगड्या बैलाला कुणी पेंड घालत नाही.

आता अडतीस सालची चैत्रातली यात्रा. आप्पासाहेबांनी ठरवलं, की यंदा कुस्त्यांच्या आधी फुटबॉलचा सामना लावायचा, आमचा संघ आणि कारखान्याचा संघ. आमची जिंकायची शक्यता किती होती हे मी गोलात उभा राहणारा माणूस म्हणून सांगू शकतो. ते आप्पासाहेबांनाही कळत होतं. म्हणून एक दिवस ते स्वतः महिपतीच्या घरी आले. एवढ्या वर्षांत त्या उंबऱ्याच्या आत त्यांचं पाऊल पहिल्यांदाच पडलं. मीही सोबत होतो. प्रयागबाईची चहा करताना धांदल उडाली. साखर दोनदा पडली.

आप्पासाहेब घोंगडीवर बसले आणि म्हणाले, "सावळा आपल्या गावचं पोरगं. त्यानं आपल्याकडनं खेळाय पायजे."

'आपल्या गावचं' हे ऐकल्यावर महिपतीनं हातातली बशी खाली ठेवली. पोराकडं असं पाहिलं, की मला दुसरीकडं पाहावं लागलं. जे मागत होता ते देव घरी घेऊन आला होता, आणि पोरानं फक्त व्हय म्हणायचं होतं.

सावळाराम म्हणाला, "आप्पासाहेब, मी कारखान्याचा पगार खातू."

"एका दिसाचा तर सवाल हाय!"

"गुडगा मोडला तवा घोषबाबूंनी ठिवून घेतलं. त्येंच्या म्होरं दुसऱ्याचा आंगरखा घालून कसा उभा ऱ्हाऊ?" तो जमिनीकडं पाहत बोलत होता. मग बापाकडं वळला. "आबा, तुमी सांगा. तुमीच सांगा, कसा?"

महिपतीनं बशी उचलून आत नेली. आप्पासाहेब उठले, चहा अर्धा तसाच. त्या दिवसापासून बाप पोराशी बोलेना. दोघं एकाच पंगतीला जेवायला बसायचे आणि मधे प्रयागबाई. "त्येला सांग, बैलाला पानी दावलं का." "त्येंना सांग, दावलं." बाई बिचारी भाकरी थापता थापता दोन्हीकडचे निरोप पोचवायची. दोघंही चुकत नव्हते, आणि मला दोघांचीही कीव यायची.

यात्रेच्या दोन दिवस आधी महिपती आपणहून आप्पासाहेबांकडं गेला. म्हणाला, "पोरगं माझं ऐकत न्हाय. पर मी गावाच्या बाजूनं हाय. काय काम आसंल तर सांगा."

काम होतं. चैत्रात आमच्या काळ्या जमिनीला भेगा पडतात. आप्पासाहेबांना कुस्तीचा आखाडा ठाऊक. तो कसा, माती मऊ पाहिजे, गडी पडला तरी लागता कामा नये. म्हणाले, "मैदान मऊ करा. पानी द्या त्येला, पाव्हणं."

ज्यानं फुटबॉल एकदा तरी धड पाहिला आहे असा कुणीही सांगेल, की चेंडूला टणक जमीन लागते. पण तिथं तसं सांगणारा कोणी नव्हता, आणि मला विचारलं नाही. महिपतीची त्या दिवशी कालव्याच्या पाण्याची पाळी होती. त्यानं स्वतःचा ऊस तसाच वाळता ठेवला आणि सगळं पाणी मैदानाला फिरवलं. सकाळपासून दिवस मावळेपर्यंत तो दारं धरत होता. एक कोपरा कोरडा म्हणून सोडला नाही. गावाचं काम पहिल्यांदा हाती आलेलं, त्यानं ते उसाला देतात तितक्या मायेनं केलं.

सामन्याच्या दिवशी मैदान वरून सुकलेलं, छान दिसत होतं. पहिली शिट्टी झाली, बावीस माणसं पळाली, आणि वरची खपली फुटून आत गेली. खाली नुसता रबडा. आमचा बिरदेव म्हणजे मेंढरामागं पळून पळून वाऱ्यासारखा झालेला गडी. तो पिंढरीपर्यंत रुतला आणि त्याला दोघांनी उपटून काढला. कारखान्याच्या खेळाडूंच्या बुटांना मातीचे एवढाले लगदे लागले, की ते पाय उचलण्याऐवजी ओढायला लागले. चेंडू टप्पा घेईना. पडला की तिथंच बसायचा. माणसांनी चेंडूभोवती रिंगण करून चिखल तुडवावा, एवढाच खेळ बराच वेळ चालला होता. आप्पासाहेब मात्र खूश होते. "बगा," ते म्हणत होते, "कुनाला लागलं का?"

सावळारामनं बूट काढून बांधावर ठेवले. धोतराचा काचा मारला. उजवा गुडघा फडक्यानं आवळलेला. पळणं त्याच्या नशिबी नव्हतंच, पण त्या दिवशी पळणारं दुसरंही कोणी नव्हतं. खेळ संपत आला तेव्हा चेंडू माझ्यापासून चार हातांवर चिखलात बसला होता, आणि त्याच्याभोवतीच्या एकाही माणसाचा पाय वर निघत नव्हता. सावळाराम चालत आला. खरंच चालत. दोन्ही हात कमरेवर होते. डाव्या पायाच्या आतल्या अंगानं त्यानं तो चेंडू चिखलासकट असा सारला, जशी सरी बंद करावी.

मी पाहत होतो. पण माझे पाय घोट्याच्या वरपर्यंत गेले होते, आणि माझं वजन मी आधीच सांगितलं आहे. चेंडू माझ्या बाजूनं इतक्या सावकाश गेला, की त्याला मला रामराम घालता आला असता.

गोल झाला. सामना कारखान्यानं जिंकला. घोषबाबू चिखलात बसून रडले. सावळाराम मान खाली घालून उभा राहिला, हात जोडले आणि कुणाकडंच पाहिलं नाही. मग बाभळीवर चढलेला कुणीतरी ओरडला, "आरं, गावचं पोरगं आसून गावावर उलटलास व्हय!"

झालं. ते वाक्य आगीसारखं पसरलं. गावचा असून, आपला असून, आपल्यातलाच निघाला फितूर. आणि तेवढ्यात दुसऱ्या कुणाला सुचलं, "पानी कुनी दिलतं मैदानाला? म्हैपतीनं! बापानं चिखुल केला आन् लेकानं गोल केला!" दोनशे माणसं महिपतीकडं वळली. पंचवीस-तीस वर्षं ज्याला आदरानं दूर ठेवलं होतं, त्याला लोकांनी त्या दिवशी अशा शिव्या घातल्या, की ज्या फक्त भावकीत देतात. शेवटी आप्पासाहेब स्वतः पुढं आले, काठी आपटली आणि गरजले, "म्हैपत्या! उद्या सकाळी चावडीवर यायचं! समद्या गावाम्होरं जाब दे!"

मी महिपतीकडं पाहिलं. मला वाटलं होतं म्हातारा मोडला. तो डोळे मोठे करून आप्पासाहेबांकडं पाहत होता, आणि तोंड उघडंच राहिलं होतं.

दुसऱ्या दिवशी दिवस उगवतो न उगवतो तोच महिपती माझ्या दुकानाच्या पायरीवर. काखेत नवं पांढरं कापड.

"मास्तर, आंगरखा शिवून द्या. आत्ताच्या आत्ता."

"एवढ्या घाईनं? कुणाचं लग्न हाय?"

"चावडीवर बोलिवलंय मला," तो म्हणाला. एवढं बोलून त्यानं पटकन तोंड दुसरीकडं फिरवलं.

मी मशीन चालवत होतो आणि तो शेजारी बसून सुई कशी वरखाली होते ते पाहत होता. सावळाराम तिथं आला. रात्रभर झोपला नसावा. म्हणाला, "आबा, मी येतू तुमच्यासंगं. मी सांगतू समद्यास्नी, तुमचा काय बी दोष न्हाय. तुमी आपला ऊस वाळीवला गावासाठी."

इतक्या दिवसांनी बाप पोराशी बोलला. "तू घरी ऱ्हा! माझ्या चावडीत तुझं काय काम? जा, आईला सांग, मला यायला येळ लागंल."

अंगरखा अंगावर घालून, वर धुतलेला फेटा बांधून तो माझ्याबरोबर चावडीवर आला. गाव जमला होता. एकेकानं उठून बोलायला सुरुवात केली. कुणी म्हणालं, हा कट होता. कुणी म्हणालं, कट नव्हता पण अक्कलही नव्हती. ज्या शेजाऱ्यानं बांध सोडून दिला होता, त्यानं त्या बांधाचं सगळं जुनं उकरून काढलं. महिपती प्रत्येकाकडं वळून नीट ऐकत होता आणि मान डोलावत होता. आप्पासाहेब सगळ्यांत शेवटी बोलले. "एवढी वर्सं ह्या गावचं अन्न खाल्लंस. गावचा मानूस म्हनून मैदान तुझ्या हाती दिलं. आन् तूच गावाचा घात केलास?"

"खरं हाय," महिपती म्हणाला. "गावच्या मानसानं आसं कराय नगं हुतं."

मला राहवेना. पाणी मागितलं कुणी, मऊ करा म्हणालं कुणी, ऊस वाळला कुणाचा, हे सगळं सांगायला मी उठू लागलो. तर महिपतीनं माझं धोतर धरून मला खाली ओढलं आणि कानात म्हणाला, "मास्तर, मधी पडू नगासा. चांगलं चाललंय."

निकाल लागला. पुढच्या यात्रेला मैदानाचं पाणी महिपतीनंच द्यायचं, पण आप्पासाहेबांना विचारून, आणि तोवर त्यानं गावाशी नीट वागायचं. लोक धोतरं झटकत उठले, कुणी तंबाखू मळायला लागलं. महिपती मात्र घोंगडीवर बसूनच राहिला. त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसायचं त्याला भान नव्हतं.

"आनखी कुनाचं काय ऱ्हायलं आसंल तर बोला," तो म्हणाला. "मला घाई न्हाय."

मग आम्ही सगळे परत खाली बसलो.